चोकचेरीचं सरबत

१४ मे १९८९, रविवार
कुंपणापलीकडचं झाड शेवटी ओळखलं. म्हणजे ओळखलं नाही, सांगितलं गेलं. मिल्टन कीन्समध्ये आल्यापासून तीन वर्षं मी त्याला बर्ड चेरी समजत होते. तसेच पांढरे तुरे, तोच मे महिना. आज डोरोथीने पलीकडून हाक मारली, "कुमुद, तू बॉटनीवाली ना? सांग बघू हे काय." ऐटीत सांगितलं. ती हसली. ही तिच्या माहेरची चोकचेरी. कॅनडात शेतांच्या कडेला रानोमाळ वाढते. युद्धानंतर लग्न होऊन इकडे आली तेव्हा कोटाच्या खिशात बिया होत्या, आणि नंतर प्रत्येक घर सोडताना मुळाशी फुटलेला एक धुमारा खणून बरोबर.
भिंग घेऊन गेले. पानाची कड बारीक, टोकदार दातांची. देठावर दोन ग्रंथी, पण त्या दोन्ही झाडांना असतात. खरी खूण बीची: हिची गुळगुळीत, बर्ड चेरीची खडबडीत. म्हणजे फळांपर्यंत थांबायचं.
बी.एस्सी.ला फर्स्ट क्लास, आणि शेजारच्या झाडाचं नाव तीन वर्षं चुकीचं. नवऱ्याला सांगितलं तर अरविंद म्हणाला, "त्यात लाजायचं काय? झाडाने थोडीच विचारलं होतं तुला."
लाज वाटली. लहानशी, पण वाटली.

२० ऑगस्ट १९८९, रविवार
बी गुळगुळीत. डो. जिंकली.
दुपारभर तिच्या किचनमध्ये. फळं वाटाण्याएवढी, लालाची काळी झालेली. कच्चं खाल्लं की जीभ कोरडी पडते, घसा आवळतो. नाव उगीच नाही पडलं. जेली अशी: फळं अख्खी, बुडतील इतकं पाणी, उकळायची, मऊ झाली की चमच्याच्या पाठीने दाबायची, फडक्यात बांधून टांगायची. रस आपला आपण गळू द्यायचा. पिळायचं नाही, घाई करायची नाही. मग साखर.
डो.ने बोट उगारून सांगितलं, "बी कधी फोडायची नाही. कधीच नाही. आमच्याकडे पानं खाऊन गुरं मेलेली आहेत." मी म्हटलं, माहीत आहे, कडू बदामासारखंच, फुटली की सायनाइड तयार होतं. आम्ही कॉलेजात प्रॅक्टिकलला ती टेस्ट केली होती. सगळं समजावून सांगितलं तिला. तिने ऐकून घेतलं बिचारीने.
टांगलेलं फडकं पाहून सुनंदाताई आठवल्या. गणपतीच्या आदल्या दिवशी त्यांच्या नळाला असाच चक्का टांगलेला असतो. इथल्या मराठी मंडळाच्या गणपतीला श्रीखंड त्यांच्याच हातचं, दरवर्षी. बाकी वर्षभर मुलाच्या घरात त्या जपून, बाजूबाजूने वावरतात. तेवढा एक दिवस किचन त्यांचं.

८ ऑक्टोबर १९८९
चाळीस बिया ओल्या वाळूत, मार्जरिनच्या डब्यात, फ्रिजमध्ये. थंडी मिळाल्याशिवाय उगवत नाहीत.
अ. फ्रिज उघडून उभा. "वाळू? उद्या नारळाचं झाड आणि खेकडेपण आण."

१ एप्रिल १९९०
अकरा कोंब! चाळिसातले अकरा. शाळेच्या लॅबमधून जुनी बीकरं आणली होती, त्यांत लावले. डो.ला कुंपणावरून दाखवले तर तिच्या डोळ्यांत पाणी.

२४ ऑगस्ट १९९०, शुक्रवार
उकाडा हटत नाही. उद्या हॉलमध्ये मंडळाचा गणपती. डो.ने टोपलीभर फळं दिली. ऐंशी माणसांना जेली काय पुरणार? पण परवाच सगळ्या बायका म्हणत होत्या, या उन्हात कोकम सरबत असतं तर. म्हटलं, करू. रंग अगदी कोकमचा, शिवाय आंबट-तुरट.
फडक्यासाठी सुनंदाताईंना फोन केला. "अगं दोन्ही गुंतलीत! एक नळाला, एक शॉवरला. नीला विचारतेय, मी आंघोळ कुठे करू? म्हटलं, एक दिवस गणपतीसाठी पारोशी राहा." सुनेची गंमत सांगताना खूश होत्या. रेवाला, नातीला, वेलची सोलायला बसवलं होतं.
उकळून पाहिलं थोडं. रंग काळवंडतो, ताजेपणा जातो. मग कच्चंच केलं, मिक्सरमध्ये. पुण्याहून आणलेला, हळकुंडंसुद्धा फोडतो, त्याला काय जड. चाळणीने गाळलं, सालं-बिया चाळणीत. साखर, मीठ, जिरेपूड. छान बदामासारखा वास आला. आताच फ्रिजमध्ये ठेवलं.

२५ ऑगस्ट, शनिवार
आरतीनंतर सरबत. पाणी घालून केलेली तीन लहान पिंपं संपली. जो तो विचारतोय, काय घातलंस? बदाम? मी आपली, "गुपित आहे." वसंतराव सेक्रेटरी मायक्रोफोनवरून, "आजच्या सरबताच्या मानकरी आपल्या कुमुदताई!" सुनंदाताई म्हणाल्या, "कोकम विसरायला लावलंस ग." रेवा चार वर्षांची, पुन्हापुन्हा रांगेत. "मावशी, अजून एक ज्यूस पाहिजे, पर्पलवाला." तीन ग्लास तरी प्यायली. मी स्वतः घोटभर. वाढण्यात राहून गेलं.
सात वाजता नीलाचा फोन, हॉस्पिटलमधून. रेवाला उलट्या, मान टाकलीय, घेऊन आलोत. मग वसंतरावांच्या घरून: त्यांना चक्कर. आणखी दोघांना उलट्या. अ.चं डोकं दुखतंय.
फोनवर सगळे एकच म्हणतायत. श्रीखंड. इतक्या उकाड्यात टेबलावर दोन तास उघडं.
देवा, पोरगी बरी होऊ दे.

२६ ऑगस्ट, रविवार
रेवा घरी आली. बरी आहे, टोस्ट खाल्ला. बाकीचेही बरे.
आज सकाळी मिक्सरचं भांडं धुताना पात्याखाली बियांचे तुकडे दिसले. फुटलेल्या. वास घेतला. तेव्हा कळलं.
अ.ला सांगितलं. त्याने किचनचं दार लावलं. मग म्हणाला, "हे तुला वाटतंय. सिद्ध कुठे झालंय? श्रीखंडही असू शकतं."
"श्रीखंडाला बदामाचा वास नसतो."
"पोर बरी आहे ना? मग? तू शाळेच्या लॅबमध्ये काम करतेस. उद्या कुणी म्हणालं, बाईने मुलांना विष पाजलं. तर?"
तो मला वाचवायला बघत होता. आणि मला वाचायचं होतं.

२ सप्टेंबर १९९०, रविवार
मंडळाची मीटिंग. मी गेले. का गेले? सांगायला, असं घरून निघताना वाटत होतं.
सुनंदाताई कोपऱ्यातल्या खुर्चीत, पर्स मांडीवर, दोन्ही हातांनी धरलेली. वसंतराव सौम्य बोलले. "कुणाला दोष द्यायचा नाही. पण पुढच्या वर्षीपासून घरचं काही नको. बाहेरून मागवू." मग कुणीतरी, "ताईंचं वयही झालं आता." सुनंदाताईंनी मान हलवली. "बरोबर आहे तुमचं. माझ्याच नातीला... बरोबर आहे."
माझ्या शेजारची हळूच म्हणाली, "त्या दिवशी तुझं सरबत तेवढं धड होतं बाई."
मी हसले. खरंच हसले. ते हसू कुठून आलं?

१३ ऑक्टोबर १९९०, शनिवार
दिवाळी गुरुवारी. बेल वाजली तर दारात सुनंदाताई, रेडवेच्या लाल पायवाटेने चालत आलेल्या, धापा टाकत. मुलाला गाडी काढायला सांगवत नाही त्यांना.
पिशवीतून फडकं काढलं. पांढरं, धुऊन धुऊन मऊ झालेलं, इस्त्री करून चौकोनी घडी. "तेव्हा मागितलं होतंस, देता आलं नव्हतं. आता तूच ठेव. तुझ्या त्या फळांना होईल."
"तुम्हाला लागेल की."
"मला कशाला? दूध तापवायला घेतलं तरी नीला मागे येऊन उभी राहते. तिचं चुकत नाही ग. तिने पोरीला तसं पाहिलंय." मग म्हणाल्या, "मी सगळं पुन्हापुन्हा आठवून बघते. दही ताजं होतं. भांडी उकळत्या पाण्याने धुतली होती. कुठे चुकलं असेल माझं?"
हे त्यांनी मला विचारलं. बॉटनी शिकलेली म्हणून.
मी म्हटलं, "चहा टाकते."
फडकं खालच्या ड्रॉवरमध्ये, चमच्यांच्या खाली.

१० मार्च १९९१, रविवार
२६ ऑगस्टची नोंद खोटी आहे. आज ती वाचली आणि पेन घेतलं. फाडायची होती, फाडली तर दुसरं खोटं होईल. म्हणून इथे.
मला रविवारी सकाळी कळलं नाही. शनिवारी संध्याकाळीच कळलं होतं. नीलाने हॉस्पिटलच्या पे-फोनवरून फोन केला तो मला बातमी द्यायला नव्हे. तिने विचारलं, "कुमुदताई, सरबतात काय होतं? इथे सगळं लिहून घेतायत." तिच्यामागे कुणीतरी रडत होतं, रेवा की दुसरं कुणाचं मूल, माहीत नाही. आणि मी म्हटलं, "चेरीचा रस. बाकी साखर, मीठ, जिरं."
एकही शब्द खोटा नाही. म्हणूनच जास्त वाईट. बिया फुटल्यात, हे दोन शब्द ओठापर्यंत आले होते. त्या दोन शब्दांनी डॉक्टरांना काय करायचं ते कळलं असतं. मी रिसीव्हर ठेवला. मिक्सरकडे गेले. भांडं त्याच संध्याकाळी धुतलं, घासून, दोनदा. सकाळी नाही.
रात्रभर एक मूल तिथे होतं आणि मला ठाऊक होतं. ती वाचली ते तिच्या नशिबाने. माझं त्यात काही नाही.
आणि मी इथेही, जिथे कुणी वाचत नाही, तिथेही वेळ बदलून लिहिली. कुणासाठी?

१४ सप्टेंबर १९९१, शनिवार
गणपती. जेवण बाहेरून. पनीर. श्रीखंड डब्यातलं, पिवळंजर्द. सुनंदाताई आल्या, दर्शन घेतलं, जेवल्या नाहीत.
आठवड्यापूर्वी वसंतरावांचा फोन आला होता, "सरबत मात्र तुमचंच हवं हं, तो अपवाद." म्हटलं, झाडाला फळं नाहीत यंदा. फळं होती. डो.च्या झाडाखाली काळा सडा पडलाय.
मिक्सर मागच्या वर्षीच लॉफ्टवर टाकला. चटण्या पाट्यावर वाटते. अ. विचारत नाही. आम्ही बोलतच नाही त्यावर. भांडणही झालं नाही कधी. झालं असतं तर बरं.

७ जून १९९२, रविवार
डोरोथी चालली. गुडघे, जिना, ब्रॅकनेलला मुलीजवळ फ्लॅट. यंदा धुमारा नेणार नाही, बाल्कनीच नाहीये.
तिला सांगितलं. दोन वर्षं कुंपणावरून रोज बोलत होते, आणि सांगितलं ते खोकी भरताना. तिने कप वर्तमानपत्रात गुंडाळायचे थांबवले. ओरडेल वाटलं, त्यासाठीच सांगितलं होतं बहुतेक. ओरडली नाही. म्हणाली, "मी तुला सांगितलं होतं."
"हो."
"आणि तूच मला केमिस्ट्री समजावलीस."
"हो."
मग हातातला कप खोक्यात ठेवून, "मला सांगून काय उपयोग, डियर? मी काही दह्याची ती मिठाई करत नव्हते. तिला सांग."
जाताना गाल दाबला माझा. प्रेमाने की कीव येऊन, ठरवता येत नाही.

२१ फेब्रुवारी १९९३
नव्या शेजाऱ्यांनी झाड तोडलं. त्यांना तिथे फरशी घालून पॅटिओ हवाय. दुपारभर करवत. खोडाचा ताजा काप, आणि वाऱ्याबरोबर तो वास थेट किचनमध्ये.
अकरांपैकी चार रोपं माझ्याकडे उरली. दोन वर्षं कुंडीत होती, मागच्या वर्षी कंपोस्टच्या ढिगामागे जमिनीत लावली. उपटून टाकावीत असं कितीदा वाटलं. पण उपटणार ते कशासाठी? झाडाने काय केलंय? दोष पुसायला झाड मारायचं, हे तर त्यावर कडी.
डो.ला पत्र लिहून कळवलं, चार आहेत. तिने विचारलं नव्हतं.

१५ मे १९९४
एका रोपाला तुरा. एकच.

२७ ऑगस्ट १९९४, शनिवार
आज सगळं नीट लिहायचं. वेळा न बदलता.
सुनंदाताई रेवाला घेऊन आल्या, साडेतीनला. रेवा आठ वर्षांची झाली, पुढचे दात मोठे, बडबडी. शाळेने सुट्टीत 'फ्रूट्स अँड सीड्स'चा प्रोजेक्ट दिलाय, आजीने सांगितलं कुमुदमावशीकडे चल. मागे नेलं. तुऱ्यावर सतरा फळं. मी पहिल्यांदा काय म्हटलं असेल, तर "बी चावायची नाही. तोंडातून काढून माझ्या हातावर ठेव." तिने ठेवली. ओली, गुळगुळीत बी.
"मावशी, माझा जीभ एकदम कोरडा झाला! आज्जी, तू पण ट्राय कर."
सुनंदाताईंनी एक फळ तोंडात टाकलं, चेहरा वाकडा केला, हसल्या. "कच्च्या जांभळासारखं धरतं ग."
रेवा मला म्हणाली, "आज्जी श्रीखंड नाही करत. आज्जीने मला पॉइझन केला होता, लहान होते तेव्हा. आमच्या घरी जोक आहे तो. डॅडी म्हणतो, आज्जीला किचनची की देऊ नका."
सुनंदाताईसुद्धा हसल्या. हसण्याची सवय झालीय त्यांना, ते दिसलं. मी कुठे बघू कळेना, म्हणून एक वाकलेली डहाळी मोडली आणि रेवाला दिली. पानं कशी असतात ते दाखवायला म्हणून.
रेवाने आजीच्या नाकाशी धरली. "स्मेल, आज्जी."
त्यांनी वास घेतला. परत घेतला. हसू हळूहळू गेलं. डहाळी रेवाच्या हातातून घेतली, नखाने साल खरवडली आणि पुन्हा नाकाशी.
"हा वास," त्या म्हणाल्या.
रेवा गोगलगाय सापडली म्हणून भिंतीकडे पळाली.
"त्या रात्री हॉस्पिटलात रेवाच्या तोंडाला हा वास येत होता. मी नीलाला म्हटलंही. ती म्हणाली, तुमच्या श्रीखंडातल्या बदामांचा असेल. मी बदाम घातलेच नव्हते, कुमुद. केशर, वेलची, बस. पण मग वाटलं, घातले असतील, मीच विसरले असेन. चार वर्षं वाटतंय, माझं डोकंच जागेवर नाही."
माझ्याकडे बघत होत्या. रागाने नव्हे. एखादा शब्द सुचत नसला आणि समोरच्याला तो येत असेल, असं वाटलं की बघतात तसं.
मी म्हटलं, "तुमचं डोकं जागेवर आहे."
एवढंच म्हटलं. पुढचं वाक्य तयार होतं. चार वर्षं तयार आहे. रेवा ओरडली, "आज्जी, पाच वाजले, स्विमिंग!" वेळ खरी होती, तरी मला सुटका वाटली, हेही लिहून ठेवते.
त्या डहाळी घेऊनच निघाल्या. दाराशी म्हणाल्या, "पुढच्या शनिवारी रेवाचं स्विमिंग सकाळी आहे. तिला सोडून अकराला येते. एकटीच." चपला घालता घालता, "चहा नको टाकूस लगेच."
त्यांच्या लक्षात आहे म्हणजे. चहा.

२ सप्टेंबर १९९४, शुक्रवार
आठवडाभर फोन उचलते आणि परत ठेवते. कधी वाटतं, त्यांना कळलंय, मी फक्त हो म्हणायचं. कधी वाटतं, कळलेलं नाही आणि कळल्यावर त्या उठून जातील, आणि जायलाच हव्यात. नीलाला, मुलाला, वसंतरावांना, मंडळाला, सगळ्यांना सांगावं लागेल. नुसतं त्यांना सांगून माझं ओझं उतरेल, त्यांचं नाही. फोनचंही सांगायचं. ते सगळ्यात अवघड. चूक माफ करतील कदाचित. फोन नाही.
माफी मिळावी म्हणून सांगतेय का? असेनही. तरी सांगायचं.
अ.ला सांगितलं, उद्या सांगणार. त्याने पेपर खाली ठेवला. "चार वर्षांनी?" मग म्हणाला, "मी थांबू का घरी?" नको म्हटलं. तेव्हा म्हणाला, "गप्प बस मीच म्हटलं होतं, तेही सांग त्यांना."
"तू म्हटलंस. ऐकलं मी."

३ सप्टेंबर १९९४, शनिवार, सकाळ
पंधरा फळं. अख्खी उकळली, चमच्याच्या पाठीने दाबली. खालच्या ड्रॉवरमधून फडकं काढलं. घडीवर त्यांच्या इस्त्रीची रेघ अजून तशीच. साडेसातपासून नळाला टांगलंय. वाटीत जेमतेम तीन चमचे रस जमेल. फडक्याला जांभळा डाग पडला, तो जाणार नाही. परत करताना तसंच करायचं.
अ. शिडी लावून लॉफ्टवरून मिक्सर काढून देत होता. धूळ, कोळिष्टकं. भांड्याच्या पात्याखाली अजून एक बारीक तुकडा अडकलाय. दोनदा घासूनही राहिला होता.
"हे कशाला काढायचं?"
म्हटलं, "दाखवायला."
टेबलावर ठेवलाय, न धुता. दोन खुर्च्या. किटलीत पाणी भरलेलं नाही. दहा चाळीस.